मधलं नाव

बुऱ्हाणपूर जिल्ह्याला विधानसभेच्या जागा दोनच. एक शहराची, बुऱ्हाणपूर. दुसरी सातपुड्याच्या पायथ्यापासून आत जंगलापर्यंत पसरलेली, नेपानगर. ३ डिसेंबर २०२३ ला मतमोजणी झाली आणि दोन्ही जागांवर बायका निवडून आल्या. शहरात अर्चना चिटणीस, नेपानगरात मंजू दादू, दोघी भाजपच्या. नेपानगरात तर दुसऱ्या क्रमांकावर राहिलेल्या काँग्रेसच्या उमेदवारही बाईच होत्या, गेंदूबाई चौहान. शहराच्या महापौरपदावर त्याआधी दीडेक वर्षापासून माधुरी पटेल. दोन्ही आमदारांच्या जागा महिलांसाठी राखीव नाहीत, हे मुद्दाम सांगायला हवं. त्याच निकालात २३० जणांच्या मध्य प्रदेश विधानसभेत बायका आल्या २७. राज्यात शेकडा बारासुद्धा नाहीत आणि या टोकाच्या जिल्ह्यात शंभर.

दोन जागांच्या जिल्ह्यात शंभर टक्क्यांना फार अर्थ नसतो, हे मला कळतं. एक निकाल फिरला असता तर पन्नास झाले असते. तरीही हा आकडा सोडून देण्यासारखा नाही, कारण गेल्या वीस-बावीस वर्षांत इथं बाई उमेदवार ही नवलाची गोष्ट राहिलेली नाही. त्या निवडून आल्या, पडल्या, पक्ष बदलून आल्या, तिकीट कापलं गेल्यावर घरी बसल्या, परत आल्या. पुरुषांच्या राजकारणात जे जे होतं ते सगळं त्यांच्याही वाट्याला आलं. फरक एकाच ठिकाणी दिसतो, तो म्हणजे नावात.

मराठी नावाला तीन खण असतात. पहिल्यात आपण, तिसऱ्यात घराणं, आणि मधल्यात बाप किंवा नवरा. बुऱ्हाणपूरचे फलक हिंदीत असतात, बाजारात उर्दू चालते, केळीच्या वखारीत आणि गुजर-मराठा घरांत मराठी. पण नाव लिहिण्याची ही पद्धत इथं सगळ्यांनीच थोडीफार उचलली आहे. मंजू राजेंद्र दादू. माधुरी अतुल पटेल. आणि त्यांच्याविरुद्ध महापौरपदाला लढलेल्या काँग्रेसच्या शहनाज इस्माईल. बाई राजकारणात कुठल्या दारानं आली, ते बहुतेक वेळा या मधल्या नावात लिहिलेलं असतं. त्या दारातून आत आल्यावर पुढं काय झालं, हे मात्र त्यात लिहिलेलं नसतं.

या गावातली सर्वांत प्रसिद्ध बाई कोण, असं बाहेरच्या माणसाला विचारलं तर उत्तर अजूनही मुमताज महल असंच येतं. ती इथली नव्हे. १६३१ मध्ये चौदाव्या बाळंतपणात ती इथं गेली, तापीपल्याड जैनाबादेत काही महिने तिला पुरलं आणि मग आग्र्याला नेलं. तिचं नाव अर्जुमंद बानो. मुमताज महल हा नवऱ्यानं दिलेला किताब. अर्जुमंद बानोला कोण ओळखतं?

नेपानगरची गोष्ट आधी सांगतो, कारण ती छोटी आहे आणि तिच्यात सगळं आहे. हे गाव ओळखलं जातं ते वर्तमानपत्राच्या कागदासाठी. नेपा मिलचं उद्घाटन १९५६ मध्ये नेहरूंनी केलं. भोवतीचा मुलूख कोरकू, भिल्ल, बारेला लोकांचा. २००८ च्या फेररचनेत मतदारसंघ अनुसूचित जमातींसाठी राखीव झाला आणि भाजपचे राजेंद्र दादू लागोपाठ दोनदा निवडून आले. जून २०१६ मध्ये रस्त्यावरच्या अपघातात त्यांचा मृत्यू झाला. त्याच वर्षी नोव्हेंबरात पोटनिवडणूक झाली. तिकीट मुलीला मिळालं आणि मंजू दादू चाळीस हजारांहून अधिक मतांनी जिंकल्या. इथवरचं कथानक भारतात कुठंही घडतं. वडिलांच्या चितेची धग असते आणि ती मतांत उतरते.

पुढचं कथानक मात्र कुठंही घडत नाही. दोनच वर्षांनी, २०१८ मध्ये, काँग्रेसच्या सुमित्रादेवी कास्डेकर यांनी त्यांना सव्वा हजाराच्या आसपास मतांनी पाडलं. बाईनं बाईला. मधलं नाव तेच होतं, पक्ष तोच होता. सहानुभूतीची मुदत तेवढी संपली होती. मग जुलै २०२० मध्ये कास्डेकर काँग्रेस आणि आमदारकी दोन्ही सोडून भाजपमध्ये आल्या आणि नोव्हेंबरच्या पोटनिवडणुकीत कमळावर पुन्हा जिंकल्या. म्हणजे मंजू दादू जिच्याकडून हरल्या तीच आता त्यांच्या पक्षाची आमदार. मंजू दादूंनी काय करायचं? पक्षातच राहायचं, गावं फिरायची, वाट पाहायची. २०२३ मध्ये पक्षानं विद्यमान आमदाराचं तिकीट कापून त्यांना दिलं आणि त्या मोठ्या फरकानं आल्या.

२०१६ चा विजय वडिलांचा होता, असं म्हटलं तर कुणी हरकत घेणार नाही. २०२३ चा कुणाचा? याचं उत्तर देताना लोक अडखळतात, आणि ते अडखळणं मला महत्त्वाचं वाटतं. मधल्या नावानं एक निवडणूक जिंकता येते. पराभव पचवून पाच वर्षांनी पुन्हा जिंकायला पहिलं नाव लागतं.

अर्चना चिटणीसांची वाट याहून लांब आणि जास्त वळणांची. त्या प्राध्यापक बृजमोहन मिश्र यांच्या कन्या. मिश्र १९९० ते १९९३ या काळात मध्य प्रदेश विधानसभेचे अध्यक्ष होते. म्हणजे माहेर हिंदी, राजकारण घरचं, आणि सासरचं आडनाव पेशवाईच्या दप्तरातून उतरलेलं. हिंदी फलकावर ते ‘चिटनिस’ होतं, मराठी बातमीत ‘चिटणीस’. गावात मात्र या दोन्ही आडनावांचं काम फारसं पडत नाही. लोक म्हणतात दीदी.

२००३ मध्ये त्या पहिल्यांदा आमदार झाल्या, तेव्हा खुल्या असलेल्या नेपानगरहून. ते वर्ष मध्य प्रदेशात बायकांच्या राजकारणाचं होतं. दिग्विजयसिंहांची दहा वर्षांची सत्ता घालवून उमा भारती मुख्यमंत्री झाल्या, राज्याच्या पहिल्या आणि आजवरच्या एकमेव महिला मुख्यमंत्री. नऊ महिनेही पुरे व्हायच्या आत त्यांना पायउतार व्हावं लागलं, ही वेगळी गोष्ट. बुऱ्हाणपूर स्वतंत्र जिल्हा झाला तोही त्याच वर्षी, १५ ऑगस्टला, खांडव्यातून फुटून. २००८ मध्ये नेपानगर राखीव झालं तेव्हा चिटणीसांना जागा शोधावी लागली. त्या शहरात आल्या, जिंकल्या, मंत्री झाल्या, शालेय शिक्षणाचं खातं सांभाळलं. २०१३ मध्ये पुन्हा जिंकल्या, पण मंत्रिमंडळात लगेच घेतलं गेलं नाही. ३० जून २०१६ च्या विस्तारात महिला व बालविकास खातं मिळालं.

इथं जरा थांबतो. बाई मंत्री झाली की शिक्षण, महिला, बालकल्याण, फार तर पर्यटन. गृह, अर्थ, महसूल सहसा नाही. चिटणीसांच्या वाट्याला आलेली खाती याच चौकटीतली. शालेय शिक्षण हे खातं हलकं नव्हे, लाखभर शाळा आणि त्यांच्या शिक्षकांच्या बदल्या ज्याच्या हातात तो राजकारणात भारीच असतो. पण चौकट चौकटच. आणि महिला व बालविकास मंत्री असतानाच, २०१८ मध्ये, त्या पडल्या.

पाडलं ते अपक्षानं. ठाकूर सुरेंद्रसिंह, गावात ‘शेरा भैया’. फरक पाच हजारांच्या आसपास. या पराभवाची कारणं गावात ज्याला विचाराल तो वेगळी सांगतो. पक्षातले दोन गट, केळीउत्पादकांची नाराजी, पंधरा वर्षांच्या सत्तेचा कंटाळा. पण मला रस आहे तो मतपत्रिकेवरच्या नावात. शेरा भैया मतदानयंत्रावर वडिलांच्या नावानिशी होते, सुरेंद्रसिंह नवलसिंह. झिरीच्या सहकारी साखर कारखान्यालाही नवलसिंहांचंच नाव आहे, आणि थोरले भाऊ शिवकुमारसिंह १९८० मध्ये खांडव्याचे खासदार झालेले. २०२३ ला बंड करून अपक्ष उभे राहिलेले हर्षवर्धनसिंह हे शाहपूरच्या नंदकुमारसिंह चौहानांचे चिरंजीव. नंदकुमारसिंह अनेकदा खांडव्याचे खासदार, भाजपचे प्रदेशाध्यक्ष. मार्च २०२१ मध्ये गेले. तेव्हा २०२३ च्या बुऱ्हाणपुरात तीन प्रमुख उमेदवार घराण्यांतून आलेले होते, दोन पुरुष आणि एक बाई. घराणेशाहीचा प्रश्न मात्र बाईला विचारला जातो. पुरुषाचं मधलं नाव वारसा असतं, बाईचं मधलं नाव कुबडी. हा हिशेब कुणी मांडला, ठाऊक नाही, पण पानाच्या टपरीपासून पत्रकार परिषदेपर्यंत तोच चालतो.

२०२३ मध्ये हर्षवर्धनसिंहांनी भाजपच्याच मतांतून तीस हजारांहून अधिक मतं नेली आणि तरी चिटणीस तीस हजारांहून अधिक फरकानं जिंकल्या. शेरा भैया या वेळी काँग्रेसचे उमेदवार होते. बंडखोरी, त्रिकोणी-चौकोनी लढत, पाच वर्षांची विजनवासातली वाट आणि त्यानंतर एवढा फरक. मंत्रिपद पुन्हा मिळालं नाही. डिसेंबर २०२३ च्या मोहन यादव मंत्रिमंडळात पाच बायका आल्या, त्यांत बुऱ्हाणपूर नव्हतं.

महापालिकेची कथा निराळी, कारण तिथं दार सरकारनं उघडलेलं आहे. ७३वी आणि ७४वी घटनादुरुस्ती १९९३ मध्ये लागू झाली. त्याखाली पंचायतींच्या निवडणुका सर्वांत आधी घेणारं राज्य मध्य प्रदेश, १९९४ मध्ये. पुढं बायकांचा वाटा तेहतीसावरून पन्नास टक्क्यांवर गेला. बुऱ्हाणपूर पालिकेचे ४८ वॉर्ड, त्यांतले निम्मे बायकांचे. राज्यात १६ महापालिका, महापौरपदं निम्मी बायकांची, आणि २०२२ च्या निवडणुकीसाठीच्या सोडतीत बुऱ्हाणपूर सर्वसाधारण महिला असं निघालं. महापौर थेट लोकांतून निवडायचा होता. भाजपनं माजी महापौर अतुल पटेल यांच्या पत्नी माधुरी पटेल यांना उभं केलं. त्या जिंकल्या ५४२ मतांनी. मजलिसच्या (एमआयएमच्या) उमेदवारानं दहा हजारांच्या आसपास मतं घेतली नसती तर निकाल कुठं गेला असता, हा शनवाऱ्याच्या चौकात अजून चालणारा वाद आहे. मावा जिलेबी संपते, वाद संपत नाही.

त्याच खेपेला बाकीच्या शहरांत काय झालं ते पाहिलं तर नमुना कळतो. ग्वाल्हेरला काँग्रेसच्या शोभा सिकरवार, आमदाराच्या पत्नी. खांडव्याला भाजपच्या अमृता यादव, माजी आमदाराच्या सूनबाई. पण कटनीला प्रीती सुरी दोन्ही पक्षांना बाजूला सारून अपक्ष निवडून आल्या. म्हणजे एकाच सोडतीनं वेगवेगळ्या बायका पुढं आणल्या.

वॉर्डाच्या पातळीवर ‘पार्षद पती’, म्हणजे नगरसेविकेचा नवरा, असं एक पद आहे. ते कुठल्या कायद्यात नाही, पण लेटरहेडवर, गाडीच्या पाटीवर, उद्घाटनाच्या कोनशिलेशेजारी ते असतं. गावांत त्याला ‘सरपंच पती’ म्हणतात. सभेला बाई, टक्केवारीला पती, अशी थट्टा चालते. ती खोटी नाही. पण तीस वर्षं ही थट्टा ऐकणाऱ्या माणसानं एक बघावं: पहिल्या खेपेला सभेत पदर सावरून गप्प बसलेली बाई दुसऱ्या खेपेला नळाच्या जोडणीवरून इंजिनिअरला धारेवर धरते. सगळ्याच धरतात असं नाही. ज्यांना दुसरी खेप मिळते त्या. सोडतीत वॉर्ड फिरतो आणि दुसरी खेप बहुतेकींना मिळतच नाही. आरक्षण दार उघडतं आणि पाच वर्षांनी तेच दार दुसऱ्या गल्लीत नेऊन लावतं.

नळाचा विषय निघाला म्हणून सांगतो. जुलै २०२२ मध्ये बुऱ्हाणपूर देशातला पहिला ‘हर घर जल’ प्रमाणित जिल्हा ठरला. सतराव्या शतकातल्या कुंडी भंडाऱ्यानं सातपुड्याच्या पायथ्याचं झिरपलेलं पाणी भुयारातून शहरात आणलं, त्या गावाला ही पदवी शोभते. चिटणीसांनी वर्षानुवर्षं लावून धरलेला विषयही तोच, झिरपणारं पाणी. तापीच्या पुराचं पाणी अडवून सातपुड्याच्या पायथ्याच्या सच्छिद्र पट्ट्यात मुरवायचं, त्याला तापी मेगा रिचार्ज म्हणतात. १० मे २०२५ रोजी भोपाळमध्ये महाराष्ट्र आणि मध्य प्रदेश या दोन्ही राज्यांच्या मुख्यमंत्र्यांनी त्याच्या करारावर सह्या केल्या. मध्य प्रदेशात सव्वा लाख हेक्टरच्या जवळपास, महाराष्ट्रात त्याच्या दुपटीच्या आसपास क्षेत्राला फायदा व्हायचा आहे. महाराष्ट्राकडचा मोठा वाटा जळगावचा, म्हणजे पलीकडच्या केळीचा.

आणि पलीकडं पाहिल्याशिवाय बुऱ्हाणपूरची गोष्ट पुरी होत नाही. तापीच्या काठानं पश्चिमेला गेलं की रावेर, मुक्ताईनगर. मुक्ताईनगरचं जुनं नाव एदलाबाद. १९६२ मध्ये प्रतिभा पाटील जळगावहून आमदार झाल्या तेव्हा त्या २७ वर्षांच्या होत्या आणि अविवाहित. नंतर एदलाबादहून सलग चार वेळा. लग्न १९६५ मध्ये, देवीसिंह शेखावतांशी. पण त्यांचं सार्वजनिक नाव बघा: प्रतिभा देवीसिंह पाटील. मधे नवरा, शेवटी माहेर. लग्नाआधीच मतदारांना जे आडनाव पाठ झालं होतं, ते बदललं नाही. हा त्या काळात किती वेगळा निर्णय असेल याचा फार विचार झालेला नाही. त्यांच्या राष्ट्रपतिपदावर पुष्कळ लिहिलं गेलं, त्यांच्या आडनावावर नाही.

तेच मुक्ताईनगर आता एकनाथराव खडसेंच्या घराण्याचं. सूनबाई रक्षा खडसे मूळच्या मध्य प्रदेशातल्या खेतियाच्या. कोथळीच्या सरपंच, मग जिल्हा परिषद, आणि पतीच्या निधनानंतर २०१४ मध्ये रावेरच्या खासदार; तेव्हापासून तीनदा, २०२४ पासून केंद्रात राज्यमंत्री. नणंद रोहिणी खडसे एकनाथरावांच्या कन्या. मुक्ताईनगरात २०१९ मध्ये दोन हजारांच्या आतल्या मतांनी पडल्या, २०२४ मध्येही पडल्या, आणि त्या शरद पवारांच्या पक्षात. एकाच वाड्यातली सून एका पक्षात, लेक दुसऱ्या. सून जिंकते, लेक हरते. घराण्याचं नाव दोघींनाही होतं. २०२४ मध्ये जळगावच्या खासदारही बाई झाल्या, स्मिता वाघ. जिल्हा परिषद, विधान परिषद असं करत आलेल्या. जळगाव जिल्ह्यात दोन्ही खासदार बायका, बुऱ्हाणपूर जिल्ह्यात दोन्ही आमदार बायका. पण खांडवा लोकसभेनं, जिच्यात बुऱ्हाणपूर येतं, १९५२ पासून आजवर एकही बाई दिल्लीला पाठवलेली नाही. तापी तीच, केळी तीच, मधे फक्त राज्याची हद्द.

जळगावच्या बाजूला आणखी एक नाव आहे, ते घराण्याचं नव्हे, गावाचं: विटनेर. घटनादुरुस्तीच्या आधी, १९८९ मध्ये, शेतकरी संघटनेच्या महिला आघाडीनं इथं सगळी ग्रामपंचायत बायकांची निवडून आणली. संघटनेचे नेते शरद जोशींच्या लक्ष्मीमुक्ती मोहिमेत याच भागातल्या नवऱ्यांनी बायकांच्या नावे जमीन केली. आरक्षण नव्हतं, आमदार बाप नव्हता. तो प्रयोग मागं पडला आणि पुढं मधल्या नावांचं राजकारण राहिलं.

घराणं नसताना वर गेलेली मराठी बाई म्हणजे सुमित्रा महाजन. चिपळूणच्या, लग्न होऊन इंदूरला आल्या, राष्ट्र सेविका समिती, प्रवचनं, १९८४ मध्ये उपमहापौर. पहिली विधानसभा हरल्या. १९८९ मध्ये माजी मुख्यमंत्री प्रकाशचंद्र सेठींना पाडून लोकसभेत गेल्या आणि सलग आठ वेळा इंदूरच्या खासदार राहिल्या, शेवटी लोकसभेच्या अध्यक्षा. इंदूरनं त्यांना ताई म्हटलं, बुऱ्हाणपूरनं चिटणीसांना दीदी. हे नातं मतदारानं दिलेलं असतं आणि त्यात नवरा नसतो, बाप नसतो. थोरली बहीण असते. गंमत म्हणजे सरकारी योजनेत मतदार बाई धाकटी बहीण असते, लाडली बहना. नेत्री दीदी आणि मतदार बहना, ज्येष्ठ-कनिष्ठ ठरलेलं.

आता जपान. तिकडं जायचं कारण असं की नावाचा हा खेळ जगात सर्वांत स्पष्ट तिथं दिसतो. जपानमध्ये मतदाराला उमेदवाराचं नाव स्वतःच्या हातानं मतपत्रिकेवर लिहावं लागतं. बटण नाही, चिन्ह नाही. त्यामुळं नाव लक्षात राहणं हीच अर्धी निवडणूक. तिथल्या राजकारणात तीन ‘बान’ लागतात असं म्हणतात: जिबान म्हणजे जमवलेला मतदारसंघ, कानबान म्हणजे दुकानावरची पाटी, अर्थात नाव, आणि काबान म्हणजे पैशाची पिशवी. बाप गेला की कोएनकाई नावाचं त्याचं समर्थक मंडळ मुलाकडं येतं, पाटीसकट, पिशवीसकट. मे २००० मध्ये माजी पंतप्रधान केइझो ओबुची गेले, जूनमध्ये त्यांची मुलगी युको वयाच्या २६व्या वर्षी त्यांच्या जागेवर निवडून आली. नेपानगरच्या वाचकाला यात समजून सांगावं असं काही नाही.

पण जपानची सर्वांत मोठा धडा देणारी गोष्ट १९४६ ची आहे. बायकांना मताचा हक्क मिळून झालेली ती पहिली निवडणूक, १० एप्रिलला. उभ्या राहिल्या ७९, निवडून आल्या ३९. त्या वेळी मोठ्या मतदारसंघांत मतदाराला दोन-तीन नावं लिहिता येत होती. बहुतेकांनी पहिलं नाव पुरुषाचं लिहिलं असेल आणि दुसरं, एक संधी म्हणून, बाईचं. असा अंदाज करायला जागा आहे. पुढच्याच वर्षी पद्धत बदलली, एकच नाव लिहायचं ठरलं आणि बायका पंधरावर आल्या. नंतर तर एखाद्या निवडणुकीत सहा-सात. ३९ चा आकडा ओलांडायला २००५ उजाडावं लागलं. २०२४ मध्ये ४६५ पैकी ७३ झाल्या, तो तिथला उच्चांक. २०१८ मध्ये पक्षांनी बायका-पुरुष समान संख्येनं उभे करावेत असा कायदा झाला. सक्ती नाही, दंड नाही.

आणि २१ ऑक्टोबर २०२५ रोजी सानाए ताकाइची जपानच्या पहिल्या महिला पंतप्रधान झाल्या. त्या घराण्याच्या नव्हेत. वडील नोकरदार, आई नाराच्या पोलिसांत. १९९२ ची पहिली निवडणूक हरल्या, १९९३ ला अपक्ष निवडून आल्या, २००३ ला पुन्हा पडल्या, २००५ ला मतदारसंघ बदलून परत आल्या. बुऱ्हाणपूरच्या दीदींच्या आलेखावर ठेवून बघावा असाच हा आलेख आहे, चढउतारांसकट. त्यांच्या पहिल्या मंत्रिमंडळात त्यांच्याखेरीज बायका दोनच होत्या.

जपानचा कायदा नवरा-बायकोला एकच आडनाव घ्यायला लावतो आणि बहुसंख्य घरांत बायकोच बदलते. ताकाइचींनी ताकु यामामोतोंशी लग्न केलं, घटस्फोट घेतला, २०२१ मध्ये त्यांच्याशीच पुन्हा लग्न केलं, आणि या खेपेला नवऱ्यानं ताकाइची हे आडनाव घेतलं. असं त्यांच्याआधी आणखी एका घरात झालं होतं: पंतप्रधान काकुएइ तानाकांची मुलगी माकिको हिच्याशी लग्न करताना जावयानंच तानाका नाव घेतलं, आपल्याकडच्या घरजावयासारखं. तिथं सासऱ्याचं नाव मोठं होतं, इथं बायकोचं. तरी पती-पत्नीला वेगवेगळी आडनावं ठेवू द्यावीत या मागणीला ताकाइचींचा विरोध आहे. माहेरचं नाव व्यवहारात वापरायची सोय वाढवावी, कायदा तोच राहावा, असं त्या म्हणतात. स्वतः वर आलेली बाई मागच्या बायकांसाठी दार रुंद करतेच असं नाही. याला जपानी किंवा बुऱ्हाणपुरी असं काही वेगळं नाव द्यायची गरज नाही.

टोकियोच्या एदोगावा वॉर्डात एप्रिल २०१९ मध्ये निवडून आलेले योगेंद्र पुराणिक हे मराठी गृहस्थ. जपानी मतदाराला ‘पुराणिक’ लिहिणं अवघड, म्हणून ते ‘योगी’ या दोन अक्षरी नावानं लढले. ना मधलं नाव, ना आडनाव. बाप्यालाही कधी कधी नुसतं पहिलं नाव घेऊन उभं राहावं लागतं, फक्त त्यासाठी सात समुद्र ओलांडावे लागतात.

बुऱ्हाणपूरकडं परत येताना एक हिशेब राहतो. सप्टेंबर २०२३ मध्ये संसदेनं लोकसभा-विधानसभांत बायकांना एकतृतीयांश जागा राखून ठेवणारी घटनादुरुस्ती मंजूर केली. अंमल जनगणना आणि मतदारसंघांच्या फेररचनेनंतर. ती झाली की या जिल्ह्याच्या दोन जागांचं काय होईल? एखादी राखीव होईल, कदाचित एकही नाही, आणि जागा फिरत्या असल्यामुळं आज होईल ती उद्या नसेल. २००८ च्या फेररचनेनं चिटणीसांना नेपानगरातून उठवून शहरात आणलं होतं. पुढची फेररचना कुणाला कुठून उठवेल, याची गणितं केळीच्या वखारीत आत्तापासून मांडली जातायत. काही नवऱ्यांनी बायकोला बरोबर घेऊन लग्नं-बारशी सुरू केली आहेत, असं ऐकतो.

मंजू दादू पुढच्या वेळी उभ्या राहिल्या तर २०१६ च्या पहिल्या निवडणुकीला बारा वर्षं झालेली असतील. तेव्हा मत देणाऱ्या कित्येक कोरकू-बारेला पोरांनी राजेंद्र दादूंना कधी पाहिलेलं नसेल. मतदानयंत्रावर मात्र ते नाव मधे असेलच.